कीस नव्हे, कीश!

"आज काय करते आहेस?" ह्यांनी स्वयंपाकघरात डोकावून विचारलं.

"कीश," मी म्हटलं.

"बटाट्याचा की रताळ्याचा? आज उपास कुठला?"

तर मंडळी, आमच्याकडे सुरुवातच अशी झाली. हा उपासाचा कीस नव्हे. ही कीश. फ्रान्सच्या ईशान्येला लॉरेन नावाचा प्रांत आहे, तिथला हा पदार्थ. मैद्याच्या पारीची एक मोठी पसरट वाटी करायची, तिच्यात अंडी आणि साय फेटून ओतायची, डुकराच्या मांसाचे तुकडे घालायचे आणि भट्टीत भाजायची. मूळच्या लॉरेनी कीशमध्ये चीजसुद्धा नसायचं म्हणे, ते नंतर आलं. आता ही सगळी यादी वाचून माझ्या माहेरच्या मंडळींनी कपाळाला हात लावला असेल. थांबा जरा. मी जी केली तिच्यात यातलं एकही नव्हतं. अंडं नाही, मांस नाही, आणि साय-दूध-लोणीही नाही. मग उरलं काय, असं ह्यांनीही विचारलं. तेच सांगायला बसले आहे.

माझी नात (लेकीची लेक) दोन वर्षं नान्सीला शिकायला होती. नान्सी हे त्या लॉरेनमधलंच गाव. तिथल्या मोठ्या चौकाला सोनेरी वेलबुट्टीची लोखंडी फाटकं आहेत, त्याचे फोटो तिने पाठवले होते. तिथे ती कीश खायला शिकली आणि तिथेच दुसऱ्या वर्षी वीगन झाली. म्हणजे प्राण्यापासून आलेलं काहीच खायचं नाही. दूध, दही, तूप, मध, सगळं बंद. आता ती पुण्याला नोकरी करते. एकदा फोनवर बोलता बोलता म्हणाली, "आजी, बाकी कशाचं काही वाटत नाही गं, पण कीशची आठवण येते."

ते वाक्य मी लक्षात ठेवलं. त्याला कारण होतं. होळीला माझ्या हातून एक गोष्ट घडली होती, आणि ती मला तेव्हापासून टोचत होती.

होळीला ती साताऱ्याला आली होती. येण्याआधी फोन करून सांगितलं होतं, "आजी, माझ्या पोळीला तूप नको. नुसती पोळी आणि कटाची आमटी, मजेत जेवेन." मी बरं म्हटलं. पण पोळ्या भाजताना हात काही ऐकेना. पन्नास वर्षं ज्या पोळीवर तूप सोडलं ती कोरडी कशी वाढायची? म्हटलं एवढंसं लावू, काय कळणार आहे. पहिल्याच घासाला तिला कळलं. "आजी, तूप लावलंयस का?" मी म्हटलं, "थेंबभर. त्याने काय होतंय?" तिने पोळी बाजूला ठेवली आणि भाताकडे वळली. बोलली काहीच नाही. मीच बोलले. सगळ्यांसमोर म्हणाले, "आज आमचं तूप चालत नाही, उद्या आमच्या पंक्तीला बसणंही चालायचं नाही तुला."

ती उठली, ताट उचललं आणि ओसरीवर झोपाळ्यावर जाऊन जेवली. एकटीच. मला खिडकीतून तिची पाठ दिसत होती.

तिच्याशी वाद घालायला माझ्याकडे मुद्दा नव्हता, हेही सांगून टाकते. माझ्या आजोळी दोन म्हशी होत्या. रेडकू मेलं की त्याच्या कातड्यात पेंढा भरून ते म्हशीपुढे उभं करायचे. ती त्याला चाटायची आणि पान्हा सोडायची. मी पाच-सहा वर्षांची असताना हे डोळ्यांनी पाहिलेलं आहे. त्या दुधाची खरवड आजी मला वाटीत द्यायची आणि ती मी आवडीने खायची. नात सांगते ते मला नवीन नाही. मी त्याबद्दल विचार न करायचं शिकले होते, एवढंच.

असो. तर कीश करायची ठरवली. लेकीला गुपचूप फोन केला, तिने दोन-तीन कृती वाचून दाखवल्या.

इथे एक गंमत लक्षात आली. आपल्याकडे बिनअंड्याचा केक वगैरे म्हणजे दुधाची चंगळ. अंडं काढलं की त्याच्या जागी दही, साय, नाहीतर डब्यातलं आटवलेलं दूध. म्हणजे आपण एक दार बंद केलं की दुसऱ्याने आत शिरतो. या मुलीने दोन्ही दारं लावलेली. 'वीगन' हा शब्दही मी शोधून काढला. तो १९४४ साली इंग्लंडमध्ये डोनाल्ड वॉटसन नावाच्या गृहस्थांनी रूढ केला. 'व्हेजिटेरियन' या शब्दाची इंग्रजी स्पेलिंगमधली पहिली तीन आणि शेवटची दोन अक्षरं घेतली आणि मधली गाळली. हे वॉटसन शाळेत सुतारकाम शिकवायचे हे वाचून मला बरं वाटलं. आपल्याच व्यवसायातला माणूस निघाला. शिक्षकाखेरीज शब्दाची अशी चिरफाड कोण करणार!

आता अंड्याशिवाय ते सारण घट्ट कसं व्हायचं? अंड्यातली प्रथिनं तापली की एकमेकांत गुंततात आणि पाण्याला धरून ठेवतात, म्हणून ते थिजतं. हे काम दुसरं कोण करतं? मी ओट्याशी उभी राहून विचार करत होते आणि एकदम हसूच आलं. अहो, बेसन! आपलं टोमॅटो ऑम्लेट! आमच्या घरात ज्यांनी जन्मात अंड्याला हात लावला नाही तेही दर आठवड्याला ऑम्लेट खातात आणि त्याला ऑम्लेटच म्हणतात. डाळीचं पीठ, कांदा, टोमॅटो, मिरची, कोथिंबीर. अंडं नाही, दूधही नाही. नात ज्याला वीगन म्हणते ते आपण किती वर्षं तव्यावर उलटतो आहोत. बेसनात प्रथिनंही असतात आणि पिष्टही. गरम पाण्यात पिष्ट फुगतं आणि गार झालं की आणखी घट्ट होतं. पिठल्याची वडी पडते ती त्यामुळेच. फ्रान्सच्या दक्षिणेला, नीस शहरातसुद्धा, हरभऱ्याच्या पिठाचं धिरडं मोठ्या परातीत घालून भट्टीत भाजतात, त्याला सोक्का म्हणतात. म्हणजे माझं बेसन फ्रान्सला अगदीच परकं नव्हतं.

पहिला प्रयत्न फसला. मी आपलं टोमॅटो ऑम्लेटचं सरबरीत पीठ केलं, त्यात पालक चिरून घातला आणि कच्च्या पारीवर ओतून ओव्हनमध्ये ठेवलं. वरून भेगा पडल्या, मध्ये कच्चं बेसन, आणि पालकाला पाणी सुटून तळ चिकट. ह्यांनी एक घास खाल्ला आणि म्हणाले, "टोमॅटो ऑम्लेट चिखलात पडलंय." ते भांडं गल्लीतल्या कुत्र्यांपुढेही ठेवायची लाज वाटली.

दुसऱ्या वेळी डोकं लावून केली. धाकट्या जाऊबाईंनी प्रमाण विचारलंय म्हणून नीट लिहिते.

पारीसाठी १ वाटी कणीक, अर्धी वाटी मैदा, पाव वाटीहून थोडं जास्त तेल आणि मीठ. आधी तेल पिठाला चोळून घ्यायचं, मग ४-५ चमचे बर्फाचं पाणी घालून गोळा जमवायचा. पोळीसारखा मळायचा नाही, नाहीतर पारी चिवट होते. अर्धा तास झाकून ठेवायचा. मग लाटून केकच्या ८ इंची भांड्यात बसवायचा, काट्याने टोचे मारायचे, वर कागद पसरून त्यावर कोरडा राजमा ओतायचा आणि १९० अंशांवर १५ मिनिटं भाजायचा. राजम्याच्या वजनाने पारी फुगत नाही. (त्या कागदाला बटर पेपर म्हणतात. मी लेकीला फोन करून विचारलं, तो चालेल का? ती पाच मिनिटं हसत होती. त्यात बटर नसतं.) मग राजमा काढून आणखी ५-७ मिनिटं. याने तळ चिकट राहत नाही.

सारणासाठी १ वाटी बेसन, दीड वाटी पाणी आणि अर्धी वाटी नारळाचं घट्ट दूध. साईचा स्निग्धपणा त्या नारळाने येतो. हळद, मिरपूड, किसलेलं जायफळ. (बघा, शेवटी कीस आलाच!) दोन कांदे आणि एक ढोबळी मिरची तेलावर चांगली परतून घ्यायची. पालक वाफवून अगदी घट्ट पिळून घ्यायचा. आणि मुख्य गोष्ट, बेसनाचं मिश्रण आधी मंद आचेवर ढवळत ढवळत दाटसर करून घ्यायचं. पिठलं होण्याच्या जरा अलीकडे थांबायचं. त्याने कच्चेपणा जातो. मग भाज्या मिसळून पारीत ओतायचं, वर टोमॅटोच्या चकत्या, आणि ३५-४० मिनिटं ओव्हनमध्ये. बाहेर काढल्यावर अर्धा तास हात लावायचा नाही. गरम कापलीत तर वाहते.

एक जिन्नस राहिला. कृतीत लिहिलं होतं, अंड्याची चव यावी म्हणून काळं मीठ घाला. काळं मीठ म्हणजे आपलं पादेलोण. आपल्या पूर्वजांनी नाव ठेवताना कसलीच भीड ठेवली नव्हती, नावातच वास आहे. त्यात गंधकाची संयुगं असतात आणि उकडलेल्या अंड्याच्या वासातही गंधकच असतो. मी अर्धा चमचा पादेलोण त्या गरम मिश्रणात घातलं आणि ढवळलं. वाफ वर आली. बाहेरून ह्यांचा आवाज आला, "अगं, अंड्याचा वास कुठून येतोय?"

माझा हात थांबला. तो वास मला ओळखीचा होता. स्वयंपाकघरातला नव्हे, वर्गातला.

१९७९ साल. मी पाचवीच्या वर्गाची वर्गशिक्षिका होते, नोकरीला पाच-सहा वर्षं झाली होती. वर्गात एक मुलगी होती, नुकतीच आजारातून उठलेली, हडकुळी. डॉक्टरांनी सांगितलं म्हणून तिची आई डब्यात रोज एक उकडलेलं अंडं द्यायची. मधल्या सुट्टीत डबा उघडला की पुढच्या बाकावरच्या मुली नाक धरायच्या. "बाई, वास येतो." मी काय करावं? मी त्या मुलीजवळ गेले आणि अगदी गोड आवाजात म्हटलं, "बाळ, तू जरा व्हरांड्यात बसून खाशील का?" ती डबा घेऊन बाहेर गेली. आठवडाभर रोज बाहेर बसून खाल्लं तिने. एकटीने. मग अंडं आणणं बंद झालं. भाकरी-चटणी घेऊन ती पुन्हा वर्गात बसू लागली. मी तिला म्हटलं, "आता कसं छान!"

हे मी म्हटलं होतं. शब्द न् शब्द आठवतो.

वास येत होता हे खरं. पण त्याच वासाचं पादेलोण आमच्या घरात बरणीभर असायचं. आवळ्याला लावून, ओव्यात घालून आम्ही चघळायचो आणि पाहुण्यांच्या हातावरही ठेवायचो. त्याला कोणी नाक धरलं नाही, कोणाला व्हरांड्यात पाठवलं नाही. मुलींच्या नाकाला वास आला असेल, त्या लहान होत्या. माझं तसं नव्हतं. माझ्यासमोर हजेरीपट होता आणि तिचं आडनाव मला माहीत होतं. पुढच्या बाकावरच्या एखाद्या मुलीने, आमच्यातल्या, डॉक्टरांनी सांगितलं म्हणून अंडं आणलं असतं तर मी तिला बाहेर पाठवलं असतं का? मी खिडकी उघडली असती.

इतकी वर्षं हे आठवलंच नव्हतं असं म्हणणार नाही. २०२३ च्या नोव्हेंबरात आपल्या सरकारने शाळेच्या पोषण आहारात आठवड्यातून एकदा अंडं द्यायचं ठरवलं, न खाणाऱ्यांना केळं. त्यावरून केवढी चर्चा झाली. २०२५ च्या जानेवारीत त्यासाठीचा निधी बंद केल्याचीही बातमी आली. दोन्ही वेळा ते वाचताना ती मुलगी डोळ्यांपुढे आली आणि दोन्ही वेळा मी पान उलटलं. या वेळी उलटायला पान नव्हतं. कढईतलं ढवळत राहणं भाग होतं, नाहीतर गुठळ्या झाल्या असत्या.

आणि ढवळता ढवळता होळीचं ते ताट आठवलं. झोपाळ्यावरची ती पाठ.

मग मला दोघींमधला फरकही दिसला. नात गेली ती स्वतःच्या पायांनी, तिला ठाऊक होतं की आजी संध्याकाळी येऊन डोक्यावरून हात फिरवणार. त्या मुलीला तसं काही ठाऊक नव्हतं. माझी नात काय खात नाही ते सांगते, पण तिच्या शेजारी बसून तिचा बाप माशाचं कालवण ओरपतो आणि ती त्याला वाटी पुढे सरकवते. तिच्या नकाराने कोणी ताटावरून उठलेलं मी पाहिलं नाही. माझ्या साजूक शाकाहाराने एक दहा वर्षांची पोर उठली होती.

रविवारी मंडळी आली. लेक, जावई, नात. मी कीश मधोमध ठेवली. नातीने भांड्याकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि विचारलं, "आजी, खरंच?" मी म्हटलं, "तेल, नारळ, बेसन. वाटल्यास डबे दाखवते." मी असं म्हणायला नको होतं, पण होळीनंतर माझ्या शब्दावर तिने विश्वास ठेवावा असं कुठल्या तोंडाने म्हणणार? तिने डबे पाहिले नाहीत. घास घेतला, डोळे मिटले आणि म्हणाली, "नान्सीसारखी नाहीये." मग आणखी एक घास घेऊन, "पण मला ही दुसऱ्यांदा हवी आहे." ह्यांनी मिरचीचा ठेचा मागवला आणि फ्रान्सच्या नाकावर टिच्चून दोन तुकडे संपवले.

मागचं आवरताना तिला मी सगळं सांगितलं. आधी तुपाचं, मग वर्गाचं. मला वाटलं होतं ती म्हणेल, जाऊ दे आजी, तो काळच तसा होता. मीच मनातल्या मनात तिच्यासाठी ते वाक्य तयार ठेवलं होतं. ती तसं म्हणाली नाही. तिने हातातलं भांडं पुसत विचारलं, "तिचं नाव काय होतं?"

मी सांगितलं. नाव, वडिलांचं नाव, आडनाव. हजेरी घेताना घेत असे तसं. इथे लिहीत नाही.

"मग तुला सापडेल की ती," नात म्हणाली.

सापडेल. सापडायची अडचण नव्हतीच कधी. त्या तुकडीची मुलं-मुली १९८५ साली दहावी झाली आणि त्यांचा व्हॉट्सॲपवर गट आहे. दोन वर्षांनी एकदा स्नेहमेळावा करतात, शिक्षकांना बोलावतात, शाल-नारळ देतात. दोनदा बोलावणं आलं होतं आणि दोन्ही वेळा मी गुडघ्यांचं निमित्त सांगितलं होतं. गुडघे दुखतात हे खरं आहे. वासासारखंच खरं.

या डिसेंबरात पुन्हा मेळावा आहे. येणाऱ्यांच्या यादीत तिचं नाव आहे, सासरच्या आडनावानिशी, कंसात माहेरचं. मी येते म्हणून कळवून टाकलं आहे. शाल घेणार नाही असंही कळवलं, कारण विचारलं तर सांगेन. तिला ते आठवतंय की नाही कोण जाणे. आठवत नसेल तर मी आठवण करून देणं योग्य की नाही, तेही ठरत नाही. माफी मागायला म्हणून गेले आणि चारचौघांत तिलाच पुन्हा अवघडून टाकलं, असं व्हायला नको. नात म्हणते, आधी तिच्याशेजारी जेवायला तर बस. बाकीचं मग बघ.

"कीश घेऊन जाणार आहेस का तिला?" ह्यांनी विचारलं.

"न्यायचंच झालं तर उकडलेलं अंडं न्यायला हवं," मी म्हटलं. ह्यांना तो विनोद वाटला.

डिसेंबरला अजून वेळ आहे. तोवर जाऊबाई, तुम्ही ही कीश करून बघा आणि जमली का ते कळवा. आणि हो, पालक घट्ट पिळा.